परवान्यात नसलेला आकडा

ऑक्टोबर २०२४ मध्ये जैसलमेर जिल्ह्यातील सुदासरी येथील प्रजनन केंद्रात माळढोकाचे एक पिल्लू अंड्यातून बाहेर आले. रामदेवरा येथील केंद्रात वाढलेल्या ‘सुदा’ नावाच्या नराचे वीर्य सुमारे दोनशे किलोमीटर अंतरावर नेऊन ‘टोनी’ या मादीवर कृत्रिम रेतन करण्यात आले होते. माळढोकाच्या बाबतीत असा प्रयोग प्रथमच यशस्वी झाला. बातमीच्या शेवटच्या ओळींत एक तपशील होता : भारतीय वन्यजीव संस्थेच्या शास्त्रज्ञांनी हे तंत्र अबू धाबीच्या आंतरराष्ट्रीय होबारा संवर्धन निधीकडून शिकून घेतले होते. राजस्थानातील शिकारीचा इतिहास ज्यांना ठाऊक आहे, त्यांना या ओळीपाशी थांबावेसे वाटेल. कारण याच होबारा पक्ष्याच्या शिकारीवरून पंचेचाळीस वर्षांपूर्वी जयपुरात रोष उसळला होता, आणि त्या रोषाच्या पाठोपाठ माळढोक राजस्थानचा राज्यपक्षी झाला.

होबारा हा माळढोकाच्याच कुळातील, पण आकाराने बराच लहान पक्षी. राजस्थान व सिंधच्या वाळवंटात त्याला ‘तिलोर’ म्हणतात. हिवाळ्यात तो मध्य आशियातून व इराणकडून थरच्या वाळवंटात उतरतो. अरब बहिरीबाजांच्या परंपरेत ससाण्याने तिलोर मारणे हा शिकारीचा सर्वोच्च प्रकार मानला जातो. माळढोक मात्र येथलाच रहिवासी. राजस्थानात त्याला ‘गोडावण’ म्हणतात, आणि महाराष्ट्रात सोलापूर-नगरच्या माळांनी त्याला ‘माळढोक’ हे नाव दिले. या दोन पक्ष्यांच्या सोबतीने त्याच माळांवर तितर, लावे, पखुर्ड्या आणि तणमोर राहतात. या सर्वांची शिकार कोणी, केव्हा व किती करावी याचे नियम भारतात शंभराहून अधिक वर्षे होते. त्या नियमांचा केंद्रबिंदू होता परवाना.

नियम येण्यापूर्वीची स्थिती दख्खनमधील एका नोंदीवरून कळते. मुंबई लष्करातील अधिकारी आणि निसर्ग-अभ्यासक विल्यम हेन्री साइक्स याने एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात दख्खनच्या पक्ष्यांची यादी केली. माळढोक त्या काळी तेथे सर्वत्र आढळत असे. एका गृहस्थाने एकट्याने सुमारे हजार माळढोक मारल्याचे साइक्सने नोंदवले आहे. त्या नोंदीत आश्चर्याचा किंवा निषेधाचा सूर नाही. एकेक अंडे घालणारा आणि संथ गतीने वाढणारा हा पक्षी अशा हानीतून सावरू शकत नाही, हा विचार त्या काळच्या शिकाऱ्यांच्या मनाला शिवला नव्हता.

पहिला अखिल भारतीय कायदा आला १८८७ साली. त्याचा आवाका मर्यादित होता : नगरपालिका व छावण्यांच्या हद्दीत, विणीच्या हंगामात, नुकतेच मारलेले पक्षी बाळगण्यावर वा विकण्यावर नियम करता येत. त्याची जागा १९१२ च्या वन्य पक्षी व प्राणी संरक्षण कायद्याने घेतली. त्याच्या सूचीत माळढोक, तणमोर, तितर, लावे, पखुर्ड्या, मोर, रानकोंबडे अशी नावे होती. प्रांतिक सरकारने या पक्ष्यांसाठी बंद हंगाम जाहीर करावा आणि त्या काळात त्यांना मारू नये, विकू नये, असा त्याचा गाभा होता. पहिल्या गुन्ह्यासाठी पन्नास रुपयांपर्यंत दंड होता. बंद हंगामाची कल्पना शास्त्रीयदृष्ट्या योग्य होती, कारण वीण सुरक्षित राहिली तरच पुढच्या वर्षी पक्षी मिळणार. परंतु ती कल्पना ज्या हेतूने आली तोही लक्षात घ्यावा लागतो. पुढच्या हंगामात बंदुकीसमोर पुरेसे पक्षी असावेत, हा तो हेतू होता.

हा कायदा ब्रिटिश हद्दीत चालत असे. संस्थानांत दरबारचा हुकूम हाच नियम. जयपूर संस्थानात शिकारखाना हे स्वतंत्र खाते होते आणि कर्नल केसरीसिंह हे त्याचे नामांकित प्रमुख. राखीव रानात कोणी बंदूक उचलावी हे महाराजांच्या मर्जीवर ठरे. बिकानेरच्या महाराजा गंगासिंहांनी गजनेर येथील तलावाची कीर्ती सर्वदूर नेली. तेथे व्हाइसरॉयपासून परदेशी राजपुत्रांपर्यंतचे पाहुणे पखुर्ड्यांच्या शिकारीसाठी येत. पखुर्डी कोरडे दाणे खाते, म्हणून तिला रोज पाणी प्यावे लागते, आणि ती ठरलेल्या वेळी थव्याने ठरलेल्या पाणवठ्यावर उतरते. तलावाभोवती बंदुका लावून बसले की सकाळच्या काही तासांत पाखरांचा खच पडे. भरतपूरच्या केवलादेव पाणथळीत तर अशा शिकारींचे हिशेब दगडावर कोरून ठेवले आहेत. १२ नोव्हेंबर १९३८ रोजी व्हाइसरॉय लिनलिथगो यांच्या मेजवानीत एका दिवसात ४,२७३ पक्षी मारले गेले, असे तेथील शिलालेख सांगतो. ती बदकांची शिकार होती, परंतु मोजण्याची पद्धत सगळीकडे एकच होती. मेलेले पक्षी काटेकोरपणे मोजले जात. उरलेले कोणीच मोजत नसे.

स्वातंत्र्यानंतर १९५१ साली राजस्थानने आणि तत्कालीन मुंबई राज्यानेही आपापले वन्यप्राणी व पक्षी संरक्षण कायदे केले. परंतु राज्याराज्यांतील तफावत कायम राहिली. एका राज्यात बंदी असलेली शिकार सीमेपलीकडे चालू राही. अखेर अकरा राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव करून संसदेला कायदा करण्याची विनंती केली, आणि १९७२ चा वन्यजीव संरक्षण अधिनियम अस्तित्वात आला. त्या अकरा राज्यांत राजस्थान होते. या कायद्याच्या मसुद्याचे काम करणारे सनदी अधिकारी एम. के. रणजितसिंह यांचे नाव पुढेही येणार आहे.

१९७२ चा कायदा म्हणजे सरसकट शिकारबंदी, असा समज रूढ आहे. तो बरोबर नाही. माळढोकासारखे पहिल्या अनुसूचीतील प्राणी पूर्ण संरक्षित झाले. बाकीच्यांसाठी मात्र परवाना कायम होता, आणि त्याचे चार प्रकार होते : विशेष शिकार, मोठी शिकार, लहान शिकार आणि प्राणी जिवंत पकडणे. तितर, लावे, पखुर्ड्या लहान शिकारीत मोडत. परवानाधारकाने मारलेल्या प्राण्यांची नोंद ठेवावी आणि मुदत संपल्यावर पंधरा दिवसांत परवान्यासह ती नोंद परत करावी, अशी अट होती. वाहनातून शिकार, विषप्रयोग, स्फोटके यांना मनाई होती. कुत्र्यांच्या साहाय्याने शिकार करण्यास बंदी होती; पण पाणपक्षी, चकोर, तितर आणि लावे यांचा अपवाद होता. पाणवठ्यावर दबा धरून शिकार करण्यासही बंदी होती, आणि तेथेही अपवाद होता पाणपक्ष्यांचा व पखुर्ड्यांचा.

हा शेवटचा अपवाद बारकाईने पाहण्यासारखा आहे. तहानेने आलेल्या प्राण्याला पाण्यापाशी मारू नये, हा संकेत जुना आहे आणि कायद्याने तो मान्य केला. ज्या पक्ष्याचे जगणेच रोजच्या पाण्यावर अवलंबून आहे, त्याला मात्र त्यातून वगळले. पखुर्डीचा नर आपल्या छातीच्या पिसांत पाणी शोषून दूरवरच्या पिलांना नेऊन पाजतो, हे निरीक्षण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीसच नोंदले गेले होते. तरीही अपवाद राहिला, कारण पखुर्डीची शिकार पाणवठ्यावरच होत असे आणि गजनेरची रीत प्रतिष्ठित होती. नियम लिहिताना पक्ष्याच्या गरजेपेक्षा शिकाऱ्याच्या सवयीला मान मिळाला.

परवाना ही मुळात हिशेबाची गोष्ट आहे. अमेरिकेत माळरानावरील पक्ष्यांच्या शिकारीचे परवाने आजही दिले जातात. तेथे पक्ष्यांच्या पाहणीवरून हंगाम आणि दरडोई मर्यादा ठरवल्या जातात, आणि १९३७ च्या कायद्याने शस्त्रे व दारूगोळ्यावरील कराचा पैसा वन्यजीवांच्या कामाला जोडला आहे. त्या पद्धतीवरही आक्षेप आहेत; पण तिच्या मुळाशी एक आकडा आहे : पक्षी किती आहेत. भारतीय परवान्यात कोणी, कोठे आणि कशाने मारावे हे होते. परवाना देण्यापूर्वी पक्षी मोजलेच पाहिजेत, ही सक्ती नव्हती. तितर, लावे, पखुर्ड्या यांची देशव्यापी नियमित गणना शिकार कायदेशीर असेपर्यंत झाली नाही. माळढोकाच्या बाबतीत भावनगरच्या राजघराण्यातील पक्षीतज्ज्ञ धर्मकुमारसिंहजी यांनी १९६९ च्या सुमारास अंदाज बांधला, तो होता १,२६० पक्ष्यांचा. एका गृहस्थाने एकट्याने हजार पक्षी मारल्याच्या साइक्सच्या नोंदीशेजारी हा आकडा ठेवला की ऱ्हासाची कल्पना येते.

अशा परिस्थितीत १९७८-७९ चा हिवाळा आला. सौदी राजघराण्यातील एका राजपुत्राचा तांडा ससाणे घेऊन तिलोरच्या शिकारीसाठी जैसलमेरच्या वाळवंटात उतरला. ही मंडळी शासनाच्या संमतीने आली होती. आखाती देशांशी असलेल्या संबंधांचे मोल लक्षात घेता दिल्लीला यात विशेष वावगे वाटले नसावे. जयपुरात मात्र वेगळाच प्रश्न विचारला गेला. देशातील शेतकऱ्याला किंवा पारध्याला जे करण्यास कायदा मनाई करतो, ते परदेशी पाहुण्याला कसे चालते? कायद्याच्या व्याख्येत प्राणी मारणे आणि पकडणे या दोन्ही गोष्टी शिकारीत मोडत. ते काम बंदुकीने केले की ससाण्याने, हा भेद तेथे नव्हता.

विरोधाचे एक प्रमुख केंद्र जयपूर होते, आणि तेथील पर्यटन व वन्यजीव संस्थेचे हर्षवर्धन हे त्यातील आघाडीचे नाव. खेजडीच्या झाडांसाठी १७३० साली ३६३ जणांनी प्राण दिल्याची बिश्नोई समाजाची स्मृती राजस्थानात जिवंत आहे. त्यामुळे पक्ष्यांसाठी आवाज उठवणे हे तेथे केवळ शहरी हौशी निरीक्षकांचे काम मानले गेले नाही. जनमताचा रेटा वाढला आणि शिकार थांबवावी लागली. परराष्ट्र संबंधांच्या पारड्यात एका पक्ष्याचे वजन अधिक ठरावे, असा हा विरळा प्रसंग होता.

त्याचे महत्त्व शिकार थांबण्यापुरते नव्हते. १९८० साली जयपुरात माळढोक-कुळातील पक्ष्यांवर आंतरराष्ट्रीय परिसंवाद झाला. त्यातील निबंधांचा इंग्रजी ग्रंथ पॉल गोरियप आणि हर्षवर्धन यांच्या संपादनाखाली १९८३ मध्ये जयपूरहूनच प्रसिद्ध झाला. पक्ष्यांची संख्या, वीण, अधिवास यांची माहिती प्रथमच एका ठिकाणी मांडली गेली. १९८१ मध्ये गोडावण राजस्थानचा राज्यपक्षी झाला. त्याच सुमारास जैसलमेर-बाडमेरमध्ये ३,१६२ चौरस किलोमीटरचे राष्ट्रीय मरुउद्यान आकाराला आले, आणि मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीने असद रहमानी यांच्या नेतृत्वाखाली माळढोकाचा दीर्घकालीन अभ्यास सुरू केला. परवान्याच्या काळात कोणी न विचारलेला प्रश्न, म्हणजे पक्षी किती आहेत, आता संशोधनाचा विषय झाला.

सीमेपलीकडे पाकिस्तानात गोष्ट वेगळ्या वाटेने गेली. तेथे स्थानिकांना तिलोर मारण्याची बंदी आहे. आखाती राजघराण्यांना मात्र खास परवाने मिळतात. परवान्याची ठरावीक मर्यादा दहा दिवसांत शंभर पक्ष्यांची. २०१४ मध्ये बलुचिस्तानातील चागई भागात एका सौदी राजपुत्राच्या तांड्याने २१ दिवसांत २,१०० तिलोर मारल्याचा वनाधिकाऱ्याचा अहवाल वृत्तपत्रांतून गाजला. ऑगस्ट २०१५ मध्ये पाकिस्तानच्या सर्वोच्च न्यायालयाने असे परवाने रद्द केले. जानेवारी २०१६ मध्ये तो निर्णय मागे घेण्यात आला. शंभराचा आकडा कागदावर आणि दोन हजारांचा वाळवंटात असेल, तर परवाना असून नसल्यासारखाच.

भारताने १९९१ मध्ये निराळा मार्ग घेतला. वन्यजीव कायद्यातील दुरुस्तीने शिकारीच्या परवान्यांची संपूर्ण व्यवस्था रद्द झाली. पखुर्डीचा अपवादही तिच्याबरोबर गेला. तेव्हापासून पहिल्या चार अनुसूचींतील कोणत्याही प्राण्याची वा पक्ष्याची हौसेखातर शिकार करण्याची कायदेशीर वाट उरली नाही. मोजणीची यंत्रणा नसताना मर्यादा ठरवणे अशक्य होते, आणि मर्यादा ठरवता येत नसेल तर परवाना देणे अप्रामाणिक ठरले असते. त्या दृष्टीने बंदी योग्य होती.

या बंदीची किंमत मात्र सर्वांनी सारखी मोजली नाही. बंदूकधारी शिकाऱ्याचा छंद गेला. फासेपारध्याची भाकरी गेली. घोड्याच्या केसांचे फास लावून आणि बैलाच्या आडोशाने सरकत तितर-लावे पकडणे हे या समाजाचे पिढीजात कौशल्य. १८७१ च्या कायद्याने अनेक भटक्या जमातींवर गुन्हेगारीचा शिक्का मारला, आणि तो हटण्यास १९५२ उजाडले. साहेबाच्या किंवा संस्थानिकाच्या शिकारीला खेळ म्हटले गेले आणि पारध्याच्या शिकारीला चोरी, हा भेद परवान्याच्या काळातच रुजला होता. बंदीनंतर त्याला पर्यायी उपजीविका देण्याची जबाबदारी कोणत्याही कलमाने उचलली नाही. अलीकडे वाशीम-अकोला पट्ट्यात फासेपारधी तरुण तणमोराच्या नोंदी व रक्षणाच्या कामात उतरले आहेत. पक्षी कोठे बसतो, कोठे अंडी घालतो हे ज्ञान त्यांच्याकडे पूर्वीपासूनच होते. ते विचारण्यास अभ्यासकांना वेळ लागला.

शिकार थांबल्यावर माळढोक वाढायला हवा होता. तसे झाले नाही. १९६९ चे १,२६० पक्षी २०१८ पर्यंत दीडशेच्या आत आले. मध्य प्रदेशात करेरा येथे १९८१ मध्ये माळढोकासाठी अभयारण्य झाले. जमिनीवरील निर्बंधांमुळे गावकरी दुखावले, आणि १९९० च्या दशकाच्या मध्यापर्यंत तेथून पक्षी नाहीसा झाला. सोलापूरजवळ नान्नज परिसरातील अभयारण्य १९७९ साली जाहीर झाले, तेव्हा कागदावर त्याचा विस्तार ८,४९६ चौरस किलोमीटर होता. त्यात शेते, गावे, रस्ते सारेच आले. पुढे तो घटवून सुमारे १,२२२ चौरस किलोमीटर करावा लागला. महाराष्ट्राच्या माळांवर आता माळढोक जवळजवळ दिसत नाही. गवताळ माळ सरकारी दप्तरात ‘पडीक’ म्हणून नोंदला जातो. त्याचा उपयोग करणे म्हणजे विकास, असे गृहीत धरले जाते.

थरमध्ये आता मोठा धोका विजेच्या तारांचा आहे. पंधरा किलोपर्यंत वजनाचा हा पक्षी उडताना झटकन वळू शकत नाही, आणि त्याच्या डोळ्यांच्या रचनेमुळे त्याला समोरचे फारसे दिसत नाही. वर्षाला सुमारे अठरा माळढोक तारांना धडकून मरतात, असा भारतीय वन्यजीव संस्थेचा अंदाज आहे. दीडशेच्या आत असलेल्या संख्येत ही हानी कोणत्याही शिकाऱ्याच्या बंदुकीहून कमी नाही. या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयात दाद मागणारे याचिकाकर्ते होते एम. के. रणजितसिंह, म्हणजे १९७२ च्या कायद्याच्या मसुद्याशी जोडलेले तेच अधिकारी. एप्रिल २०२१ मध्ये न्यायालयाने सुमारे ९९,००० चौरस किलोमीटर क्षेत्रात उघड्या तारांवर कडक निर्बंध घातले. मार्च २०२४ मध्ये सौरऊर्जेची गरज आणि हवामानबदलाचा प्रश्न लक्षात घेऊन तो आदेश शिथिल केला आणि तज्ज्ञांची समिती नेमली.

दोन्ही बाजूंना वजन आहे. कोळशावाचून वीज हवी, तर वाळवंटातील ऊन वापरावेच लागेल. तरीही जुन्या परवान्यांच्या इतिहासातून एक गोष्ट शिकता येते. तारांची वाहिनी टाकण्यासाठीही शासकीय मंजुरी लागते, म्हणजे तीही एक परवानगीच. त्या परवानगीत मार्ग, दाब आणि खर्च नोंदलेला असतो. त्या मार्गावर किती पक्षी उडतात आणि त्यांतील किती गमावले तरी ती जात तगेल, हा आकडा त्यात असतो का? लहान शिकारीच्या परवान्यात तो कधीच नव्हता.

सुदासरी आणि रामदेवरा येथील केंद्रांत आज प्रत्येक पक्ष्याची स्वतंत्र नोंद आहे. कित्येकांना नावेही आहेत. होबाराच्या शिकारीची हौस टिकावी म्हणून आखाती देशांनी पैसा ओतून विकसित केलेले तंत्र माळढोकाच्या कामी आले, हे विज्ञानाच्या देवघेवीचे चांगले उदाहरण. परंतु पिंजऱ्यातील पिल्ले मोठी झाल्यावर त्यांना कोठे सोडायचे, या प्रश्नाचे उत्तर प्रयोगशाळा देऊ शकत नाही. त्यासाठी तारा नसलेला, नांगरला न गेलेला आणि आसपासच्या गावांना आपला वाटणारा माळ लागेल. तो राखायचा की नाही, याचा निर्णय जयपूर, मुंबई आणि दिल्ली येथील कार्यालयांत, जमिनीच्या नोंदी आणि वाहिन्यांचे नकाशे समोर ठेवून होणार आहे.